आत्याच्या तोंडचं नाव

कचराबाई सोनवणेला कुणी नाव विचारलं, की आधी तिच्या कपाळाला आठी पडे आणि मगच तोंड उघडे. "नाव कशाला पायजे? काम सांगा की," ती म्हणे. विचारणारा बिचारा गोंधळून जाई. त्यानं काही वाकडं विचारलेलं नसे, पण बाईचं डोकं तोवर तापलेलं असे. लोक माणसाला नावं ठेवतात, ही जगाची रीतच आहे. कचराबाईला मात्र आईबापांनीच असं नाव ठेवलं होतं, की लोकांना त्यासाठी वेगळी मेहनत करावी लागत नसे.

आईबापांची बाजू सांगायची तर ती अशी. पाथर्डीच्या वरच्या अंगाला, डोंगराच्या कडेनं टेकवाडी म्हणून वीसेक उंबऱ्यांची वाडी आहे. तिथं वाघांच्या घरात गोजरबाईला ओळीनं तीन मुलं झाली आणि तिन्ही गेली. चौथी ही. सुईणीनं नाळ कापली, पोर सुपात घातली आणि थेट उकिरड्यावर नेऊन ठेवली. वरून घरातला केर टाकला. ठरल्याप्रमाणे शेजारीण तिकडून आली, "अगं बया, हे काय पडलंय?" म्हणाली आणि सूप उचलून गोजरबाईच्या दारात उभी राहिली. गोजरबाईनं तिला पसाभर बाजरी घातली आणि आपलीच पोर विकत घेतली. ज्या कुणाचा त्या घरावर डोळा होता, त्यानं समजून घ्यावं, की या घरात मूल जन्मलेलंच नाही, हा उकिरड्यावरचा कचरा आहे. कचऱ्याकडं कोण कशाला बघतंय? पोर जगली. तिच्या पाठीवर भिमाजी आणि बन्सी असे दोन मुलगे झाले, तेही जगले. नाव लागू पडलं म्हणून सगळी वाडी खूश झाली. जिला ते नाव घेऊन जगायचं होतं, तिला कुणी विचारलं नाही.

त्यात बापाला आडनावाचा भारी तोरा. आप्पासाहेब वाघ पारावर बसले, की त्यांच्या खापरपणज्यानं कुऱ्हाडीच्या दांड्यानं वाघ कसा लोळवला आणि तेव्हापासून घराण्याला वाघ कसं म्हणू लागले, ते सांगत. कुठल्या डोंगरात लोळवला म्हणावं, तर त्यांचा हात चारी दिशांना फिरे. कचरा लहान असताना एकदा सगळ्यांदेखत बापाला म्हणाली, "दादा, वाघ लोळवला तर मंग यमाला का न्हाई लोळवलं? सगळी वाघं माझ्याआड कशाला लपली?" पारावरची माणसं हसली. पोरीच्या गालावर मात्र आप्पासाहेबांची पाचही बोटं उठली. प्रश्न तसाच राहिला.

पोरीनं सगळी आशा लग्नावर ठेवली. सासरी नाव बदलतात, हे तिनं डोळ्यांनी पाहिलं होतं. तिची मैत्रीण लंका लग्न होऊन गेली आणि दिवाळीला आली ती सुमन होऊन. कचराला त्या दिवशी लंकेच्या नव्या लुगड्याचा नाही, नव्या नावाचा हेवा वाटला. आपल्यालाही सासू काहीतरी नाव देईलच, कुठलं का असेना, आहे त्याहून वाईट कुठून मिळणार, असं तिनं मनाशी धरलं. सांगवीच्या सोनवण्यांकडं तिचं जमलं. नवरा उत्तमराव, आडनावात सोनं. आता पुढं एक बरं नाव लागलं, की झालं.

पण हळदीच्या दिवशीच गोजरबाई विहिणीला बाजूला घेऊन म्हणाली, "येक पदर पसरते. हिचं नाव तेवढं बदलू नका. नाव बदाललं, की त्याला वळख पटंल." सासू आधीच भित्री. "नगं बाई, आमाला नगं ती जोखीम," ती म्हणाली. घरात शिरताना बायांनी दार अडवलं आणि उत्तमरावाला उखाण्यात बायकोचं नाव घ्यायला लावलं. त्यानं चांदीच्या ताटापासून सुरुवात केली, ताटात मोती ठेवले, मोत्यांना सोन्याची तार ओवली आणि पुढं कचरा म्हणायची पाळी आली तेव्हा इकडंतिकडं बघून, बायांच्या हाताखालून वाकून तो घरात पळाला. बाया पोट धरून हसल्या. नवरी माप ओलांडून आत आली, ती जुन्याच नावानं.

संसारात तिला एकच सुख लाभलं, आणि ते असं, की नवरा बायकोचं नाव घेत नाही. उत्तमराव "अगं" म्हणे, "ऐकलं का" म्हणे. पुढं जालिंदर झाला आणि साऱ्या सांगवीला ती जालिंदरची आई झाली. वर्षातले पुष्कळ दिवस ते नाव कानावर न येता जात. पण माहेरी गेलं, की "कचरे". बाजारात माहेरचं माणूस भेटलं, की "कचरे". आणि चारचौघांत, नेमकं जिथं नको तिथं, "कचराबाई".

जालिंदर लहान असताना एकदा ती त्याला घेऊन पाथर्डीच्या दवाखान्यात गेली. कंपाउंडरनं ओट्यावर येऊन मोठ्यानं हाक दिली, "कचराबाईऽ, कोण आहे कचराबाई?" ओट्यावरची माणसं फिसकन हसली. एकजण म्हणाला, "झाडून घ्या की वो." कचराबाई लाल होऊन आत गेली. पोराला तपासून झाल्यावर त्याच कंपाउंडरनं किती आदबीनं नर्सबाईंना हाक मारली, "इंदुमतीबाई, जरा येता का?" त्या आल्या. काळ्यासावळ्या, चष्मेवाल्या, चारचौघींसारख्याच. पण ते नाव! कचराबाईनं धीर करून विचारलं, "बाई, तुमच्या नावाचा अर्थ काय व्हतो?" बाई हसल्या. "इंदू म्हणजे चंद्र हो." एवढंच बोलून त्या कामाला लागल्या. कचराबाई मात्र घरी आली ती त्या नावाला पदराच्या गाठीत बांधून. आपल्याला नाही तर नाही. पण आपल्या तोंडून एका तरी पोरीला असं नाव लावायचं, असं तिनं ठरवलं.

ती तसं ठरवू शकत होती, कारण ती आत्या होणार होती. आपल्याकडं बारशात नाव ठेवायचा मान आत्याचा. बाळाच्या कानाशी तोंड नेऊन ती कुर्रर करते, नाव सांगते, आणि भोवतीच्या बाया तिच्या पाठीत धपाधप बुक्के घालतात. एवढा मार खाऊन मिळालेला हक्क कोण सोडील? कचराबाई दोन भावांची एकुलती बहीण. तिला वाटलं, पोरं होतील तितकी नावं आपलीच.

कसली आपली! भिमाजीला पहिला मुलगा झाला. कचराबाई चांगलंसं नाव ठरवून बारशाला गेली, तर मुलगा मढीच्या नाथांच्या नवसाचा निघाला. त्याचं नाव कानिफनाथ हे जन्माआधीच ठरलं होतं. "देवाच्या म्होरं आत्या व्हय?" भिमाजी म्हणाला. ठीक आहे, देवापुढं कुणाचं चालतं? तिनं कुर्रर केलं, बुक्के खाल्ले आणि लाडू खाऊन परत आली. मग भिमाजीला मुलगी झाली. आता नवस नाही, काही नाही, म्हणून कचराबाई इंदुमती तोंडात घोळवत टेकवाडीला पोचली, तर महिन्याभरापूर्वीच वारलेली म्हातारी आजी राहीबाई पोटी परत आली, असं घरानं ठरवून टाकलेलं. पोरीच्या हनुवटीवर तीळ होता आणि म्हातारीच्याही होता, एवढा पुरावा त्यांना बास झाला. पोर राही झाली. गंमत अशी, की भिमाजीच्या बायकोला आजेसासूचं नाव घेता येईना. ती जन्मभर स्वतःच्या लेकीला "ए पोरी" म्हणत राहिली. ज्या नावानं आईला हाक मारता येत नाही, ते नाव काय चुलीत घालायचं, असं कचराबाई तिथंच बोलली. कुणी मनावर घेतलं नाही. भिमाजीला पुढं मूल झालं नाही.

राहिला धाकटा बन्सी. त्याचं लग्न उशिरा झालं. बायको चांगुणा, चार इयत्ता शिकलेली, बोलायला गोड. तिला पहिली मुलगी झाली तेव्हा घरात ना नवस होता, ना कुणी नुकतं मेलेलं होतं. कचराबाईनं कुणाला तोंड उघडायची सवडच दिली नाही. पाळण्यावर वाकली, "कुर्रर, इंदुमती!" म्हणाली आणि पाठीत बुक्के बसत असताना खदाखदा हसली. साऱ्या वाडीत असं नाव नव्हतं. चांगुणेला ते इतकं आवडलं, की दिवसभर तिची हाक चालू. इंदुमतीनं मान धरली, इंदुमती बसायला लागली, इंदुमतीला दोन दात आले. आणि पावसाळ्याच्या तोंडाशी इंदुमतीला जुलाब लागले. पाथर्डीला न्यायची गाडी जुंपेपर्यंत सगळं संपलं.

तेव्हा कचराबाईला तोंडावर कुणी काही बोललं नाही. मागं मात्र बोलले. "नाव पोरीला जड झालं," असं विहिरीवर एक बाई म्हणाली आणि ते फिरत फिरत सांगवीपर्यंत आलं. कचराबाईनं रडता रडता शिव्या दिल्या. पाणी घाण, दवाखाना लांब, गाडीला बैल वेळेवर नाही, आणि दोष कुणाचा, तर नावाचा! पुढं चांगुणेला मुलगा झाला, तो बारशाच्या आतच गेला. त्याला तर नावसुद्धा मिळालं नव्हतं. मग तो कशानं गेला, असं तिनं त्या विहिरीवरच्या बाईला गाठून विचारलं. बाईनं घागर उचलली आणि चालती झाली.

मग आला तो दुष्काळ. त्र्याहत्तरच्या चैत्रात अख्खी सांगवी रस्त्याच्या कामावर खडी फोडत होती. हजेरी घेणारा कारकून रोज सकाळी मोठ्यानं पुकारे, "कचरा उत्तम सोनवणे!" आणि रोज कुणीतरी म्हणे, "घ्या, कचरा आला." विनोद महिनाभर शिळा होऊनही लोक तो ताजा करून खात होते. दुसरं खायला फारसं नव्हतंच.

त्याच कामावर एका दुपारी बन्सी आला. उन्हानं चेहरा करपलेला, पण डोळ्यांत काहीतरी उजेड. "आक्का, चांगुणेला पोरगी हाय. सव्वा म्हैना झाला. आमी कुनाला कळीवलंच न्हाई, भ्यालो हुतो. पन चांगली हाय गं. दूध वडती. परवा बारसं धरलंय, तू चल."

कचराबाईनं हातोडी टाकली आणि भावाच्या तोंडावरून हात फिरवून कानशिलावर बोटं मोडली. "येते की! न्हाई कशी म्हनंन?"

बन्सी खाली बघत म्हणाला, "आक्का, नाव कचरा ठेवायचं ठरलंय. आई म्हनली, तेच नाव तुला लागू पडलं, तेच हिला पडंल. आनि ते तुझ्याच तोंडून आलं पायजे. तू जगली ना त्या नावानं."

कचराबाईचा असा भडका उडाला, की पलीकडच्या ढिगावरची माणसं हातोड्या थांबवून ऐकू लागली.

"जगले? ह्याला जगनं म्हनतो व्हय तू? रोज सकाळी हा मुडदा माझं नाव पुकारतो आनि रोज ही समदी दात काढत्यात. चाळीस वर्सं ऐकते मी. भिमाजीच्या दोन्ही पोरांला मला नाव ठेवू दिलं न्हाई. देव आडवा आला, मेल्याली म्हातारी आडवी आली. आनि आता मान देता, तर कशाचा, कचऱ्याचा! माझ्या तोंडानं मी त्या लेकराच्या कपाळी हे लिव्हू?"

"आक्का, हळू."

"का हळू? बारशाला मी येनार. पन नाव माझ्या मनाचं ठेवनार. सांग जा आईला."

बन्सी निरोप घेऊन गेला. मेलेल्या पोरीचं नाव पुन्हा ठेवायचं नसतं, एवढं कचराबाईलाही कळत होतं. दुसरं हवं होतं. ते तिला बारशाच्या आदल्या दिवशी एस.टी.त मिळालं. शेजारच्या बाकावर कुण्या मास्तरांची बायको बसली होती. तिची चिमुरडी खिडकीतून हात बाहेर काढी आणि ती तिला मागं ओढून म्हणे, "सुहासिनी, हात आत." कचराबाईनं लगेच अर्थ विचारला. "सुहासिनी म्हणजे गोड हसणारी," मास्तरीणबाई म्हणाल्या. पाथर्डीला उतरून टेकवाडीच्या चढानं चालताना कचराबाईनं ते नाव इतक्या वेळा म्हटलं, की शेवटी ते चुकायचं थांबलं.

घरी पोचली तर ओसरीवर गोजरबाई वाटच पाहत होती. आप्पासाहेब जाऊन बरीच वर्षं झाली होती, म्हातारी मात्र खुटखुटीत होती. निरोप पोचलेला होता. पाण्याचा तांब्या पुढं करायच्या आतच तिनं विचारलं, "तुला तुझं नाव इतकं जड झालं व्हय गं?"

"झालं," कचराबाई म्हणाली. "लई जड झालं. तू मला उकिरड्यावर टाकली ती टाकली, पन तिथून पुन्ना उचलली का न्हाई? मी अजून तिथंच हाय, आये."

म्हातारीनं मान खाली घातली. मग एकदम वर करून ती म्हणाली, "थोरली द्वारका. तिच्या पाठचा रामचंद्र. त्याच्या पाठची गोदावरी."

कचराबाईला आधी काही उमगेना. मग उमगलं. तिच्या आधीच्या तीन भावंडांना नावं होती, हे तिला ठाऊकच नव्हतं. घरात त्यांचा विषय निघाला, की "ती तिघं" म्हणत, पुढं काही नाही.

"मला कदी सांगितलं न्हाई तू."

"तुला सांगितलं असतं तर मोठ्यानं म्हनावं लागलं असतं. त्यानं ऐकलं असतं, ह्या घरात पोरं हुती म्हनून," गोजरबाई म्हणाली. "समद्यांला चांगली नावं ठिवली हुती मी. येकादशीच्या दिशी झाली म्हनून द्वारका. कुटं हायत ती?"

"तापानं गेली असतील. देवी आल्या असतील. नावानं कोन मरतंय का?"

"न्हाई मरत. पन त्या नावानं मेल्यालं येक तरी दाव मला."

कचराबाई तांब्या उचलून घटाघटा पाणी प्याली. तिला म्हातारीची दया आली आणि त्याहून जास्त राग आला, कारण म्हातारीशी भांडायला आता तोंडच उरलं नव्हतं. पण हार मानली तर ती कचराबाई कसली. अजून एक माणूस बाकी होतं. पोरीची आई. तिला तर कुणी काही विचारलंच नसणार, जसं आपल्याला विचारलं नव्हतं. तिला आपल्या बाजूला घेतलं, की बन्सी काय आणि म्हातारी काय, सगळे गार.

चांगुणा आतल्या खोलीत पोरीला अंगावर पाजत बसली होती. कचराबाईनं पोर बघितली. काळेभोर जावळ, गालावर तीट, मुठी आवळलेल्या. चोखता चोखता ती मध्येच थांबे आणि पुन्हा घाईनं लागे. कचराबाई चांगुणेच्या कानाशी लागली. "हे बघ, मी नाव आनलंय. सुहासिनी. गोड हासनारी. तू फकस्त उद्या म्हन, मला हेच पायजे. म्होरचं मी बघते. समद्यांशी भांडते मी, तू भिऊ नगं."

चांगुणेनं पोरीला पदराखाली आणखी आत ओढलं. मग हळूच म्हणाली, "वन्सं, तुमी इंदुमती ठिवलं, तवा मला लई लई आवडलं हुतं. मी सारखी हाक मारायची. काम नसलं तरी मारायची. शेतातून मारायची, वाड्यातून मारायची. कुनीतरी ऐकलं, वन्सं."

"येडी हायस का तू? चार बुकं शिकलीस ना?"

"शिकले. पन दोन पुरली ना मी." चांगुणेनं एका हातानं कचराबाईचे पाय धरले. "मला चांगलं नाव नगं. मला जगल्यालं नाव द्या. तुमी ठिवलं न्हाई तर कुनी ठिवायचं? तुमीच येकल्या हाव त्या नावाच्या जित्या."

कचराबाईनं पाय सोडवून घेतले आणि ती परसात गेली. तिथं तिला मनसोक्त ओरडावंसं वाटत होतं, पण ओरडायचं कुणावर? ज्या पोरीसाठी ती भावाशी, आईशी भांडली, तिच्या आईनंच पाय धरून हे मागावं? आपलेच दात आणि आपलेच ओठ. तिनं परसातल्या वाळक्या शेवग्याला एक लाथ घातली आणि अंगठा ठेचून घेतला.

दुसऱ्या दिवशी माळवदाच्या तुळईला पाळणा टांगला. दुष्काळाचं बारसं, त्यामुळं थाट बेताचाच. घुगऱ्या होत्या, त्यात गूळ नावालाच होता. तरी वाडीतल्या बाया झाडून आल्या. या घरात किती वर्षांनी पाळणा हलत होता. पोरीला पाळण्याच्या वरून आणि खालून फिरवलं, आत निजवलं, आणि सगळ्या कचराबाईकडं बघू लागल्या. बन्सी दाराच्या चौकटीला टेकून नखं चावत होता. गोजरबाई भिंतीकडं तोंड करून बसली होती. चांगुणेचे ओठ हलत होते.

कचराबाई वाकली. तिच्या तोंडात सुहासिनी तयार होतं. रात्रीतून तिनं पुन्हा ठरवलं होतं, की ऐकायचं नाही. चांगुणा लहान आहे, घाबरलेली आहे, पुढं पोर मोठी होऊन शाळेत जाईल तेव्हा हीच आपल्याला दुवा देईल. एकदा कानात नाव पडलं, की कुणाला परत घेता येत नाही. तिनं पोरीच्या कानाशी तोंड नेलं. कान केवढासा, आणि ऊन. गळ्याशी बारीकशी शीर उडत होती. ती शीर बघितली आणि कचराबाई तशीच वाकून राहिली. हिला उद्या ताप आला तर? खोकला आला तर? नुसती शिंक आली तरी या घरात सगळ्यांचे डोळे कुणाकडं वळतील? आणि सगळ्यांचं सोडा. आपण रात्री उठून काय म्हणू? नावानं कुणी मरत नाही, हे ती जन्मभर दुसऱ्यांना ठणकावून सांगत आली होती. आत्ता मात्र ते स्वतःला सांगायची तिची छाती होईना.

"कुर्रर," ती म्हणाली. "कचरा."

तिच्या पाठीत धपाधप बुक्के बसले. घरभर हसणं उसळलं. कुणी घुगऱ्या वाटू लागलं, कुणी पाळण्याची दोरी ओढली. कचराबाईच्या डोळ्यांतून घळघळा पाणी आलं आणि बाया म्हणाल्या, आत्याला बाई किती आनंद झाला. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हाच, असं तिच्या मनात आलं. पण सांगते कुणाला? तिनं डोळे पुसले, घुगऱ्यांची वाटी खाली ठेवली आणि ओसरीवर जाऊन बसली. कारकुनाचा, कंपाउंडरचा, विहिरीवरच्या बाईचा, आईचा, साऱ्यांचा राग एकत्र करून पाहिला तरी तिला आज स्वतःचा आलेला राग त्याहून मोठा होता.

बाया पांगल्या. ऊन ओसरीच्या कडेला आलं. बन्सीनं दोनदा जेवायला बोलावलं, ती उठली नाही.

"कचरेऽ! अगं कचरेऽ!" आतून हाक आली.

"ओ," कचराबाई सवयीनं म्हणाली आणि गुडघ्यावर हात टेकून उठलीसुद्धा. दारात गेली तेव्हा तिच्या ध्यानात आलं, की हाक तिला नव्हती. चांगुणा पोरीला मांडीवर घेऊन बसली होती. बोटानं तिची हनुवटी हलवत होती, पुन्हापुन्हा म्हणत होती, "कचरे, माझे बाय, माझे सोन्या, बघ की माझ्याकडं, कचरेऽ." महिनाभर दाबून धरलेली सगळी माया त्या एका हाकेत उतरली होती. ते नाव इतक्या लाडानं कुणी घेताना कचराबाईनं आयुष्यात ऐकलं नव्हतं. तिच्या स्वतःच्या आईनंसुद्धा ते कधी असं घेतलं नव्हतं. पोर आईकडं टकमक बघत होती.

कचराबाई तरातरा आत गेली आणि चांगुणेवर खेकसली, "हळू म्हन! हळू म्हन गं, कुनी ऐकंल!"